इब्र्याला कोण जाणार

ज्या मंडळाला नियम नसतात त्याला किस्सेही नसतात, असं माझं मत झालं आहे. सगळं आपोआप चाललेलं असतं तेव्हा सांगण्यासारखं काही घडत नाही. एक नियम करून बघा. दुसऱ्या दिवशी कोणीतरी फोन करतं, तिसऱ्या दिवशी कोणीतरी रुसतं आणि आठवडा संपायच्या आत चहाबरोबर सांगायला एक गोष्ट तयार असते. मस्कतच्या आमच्या शुक्रवारच्या क्रिकेट मंडळाला मी एकाच हिवाळ्यात इतके नियम दिले, की आता किस्से ठेवायला जागा नाही.

मंडळ तसं साधं. ओमानमधल्या मराठी माणसांच्या आठ टीम. टेनिस बॉल, सहा-सहा ओव्हर, मोकळ्या मातीचं मैदान. ऊन तापायच्या आत आणि जुम्म्याच्या नमाजाच्या आत सगळं आटपायचं. उन्हाळ्यात कोणी घराबाहेर पडत नाही, म्हणून सामने थंडीत. खेळणाऱ्यांत पुण्या-मुंबईचे इंजिनिअर, अकाउंटंट आणि बँकवाले, तसेच रत्नागिरी-रायगडचे दुकानदार आणि कामगार. एरवी ही माणसं एकमेकांना कुठे भेटली असती, मला माहीत नाही.

मी अमेरिकेत शिकून परत आले तेव्हा आईबाबांना वाटलं होतं, मुलगी आता काहीतरी मोठं करणार. मी पण तेच ठरवून आले होते. समाज बदलायचा तर सुरुवात नियमांपासून करायची, असं मला वाटायचं. अजूनही वाटतं. फक्त सुरुवात टेनिस बॉलपासून होईल, एवढं वाटलं नव्हतं.

*

हे सगळं सुरू झालं सावंतकाकांच्या घरच्या मीटिंगमध्ये. सावंतकाका मंडळाचे सेक्रेटरी आणि मस्कतच्या रूवी भागातल्या टीमचे कॅप्टन. आदल्या वर्षी साखळीत सगळ्या मॅच जिंकून त्यांची टीम सेमीफायनलच्या एका सकाळी हरली होती. वर्षभर त्यांच्यासमोर सेमीफायनल हा शब्द काढायची सोय नव्हती.

"एका सकाळी कोणीही हरतं," ते म्हणाले. "काहीतरी दुसरी पद्धत पाहिजे."

मी बाबांबरोबर नुसती वडे खायला गेले होते. पण न्यायाचा प्रश्न निघाला की मला गप्प बसवत नाही. मी म्हटलं, "काका, अमेरिकेत बेसबॉलमध्ये यावर फार चांगला विचार केलाय."

"बेसबॉल म्हणजे ती मोठ्या माणसांचा विटीदांडू?" माबेला टीमचा कॅप्टन निखिल म्हणाला. निखिल बांधकामाच्या साइटवर इंजिनिअर आहे आणि त्याला प्रत्येक गोष्टीवर काहीतरी बोलायचंच असतं.

मी समजावायला लागणार, एवढ्यात सावंतकाकांनी दुसरा विषय काढला. मस्कतपासून दोन तासांवरच्या इब्र्याची टीम फार लांब पडते, सोहारचीही. पुढच्या वर्षापासून मस्कत आणि आसपासच्याच टीम ठेवाव्यात का?

इब्र्याचे कॅप्टन कासमचाचा कोपऱ्यात बसले होते. दापोलीकडचे. इब्र्याच्या सूकमध्ये, म्हणजे बाजारात, त्यांचं कापडाचं दुकान, कागदोपत्री ओमानी अर्बाबच्या, म्हणजे मालकाच्या नावावर. दर शुक्रवारी पहाटे दोन गाड्या भरून ते मस्कतला यायचे, खेळायचे, हरायचे, आमच्याबरोबर नाश्ता करून परत जायचे. इतक्या वर्षांत आमच्यातलं कोणी तिकडे गेलं नव्हतं. अंतर तेवढंच, पण मस्कतच्या माणसाला ते जाताना दुप्पट वाटतं.

"काढा ना," कासमचाचा शांतपणे म्हणाले. "माझं काय नाय. मी तर मार्चमधी दुकान अर्बाबच्या हवाली करून गावी चाललो, कायमचा. पण सावंतसाहेब, एक गोष्ट सांगतो. किती वर्सं तुमच्याकडं येतो. तुमच्या घरचं खाल्लं, तुमच्या बायकांच्या हातची चाय प्यालो. आमच्या दारात तुमी एकदा पन आला नाय. असा एकतर्फी खाऊन मानूस गावी गेला, तर तिथं काय सांगंल?"

निखिलने वड्याचा तुकडा चटणीत बुडवला आणि तसाच धरून बसला.

मी म्हटलं, "बेसबॉलच्या पद्धतीत एक सोय आहे. इब्रा पात्र ठरलं, तर मॅच इब्र्यात होऊ शकते."

कासमचाचांनी माझ्याकडे पाहिलं. "बोल बेटी," ते म्हणाले. "ह्यो खेळ कसा हाय, सांग."

*

सांगायला मला पाच मिनिटं पुरतील असं वाटलं होतं.

मी म्हटलं, तिकडे तीस टीम असतात. त्यांच्या दोन लीग. प्रत्येक लीगचे तीन विभाग. मोठा हंगाम संपला की प्रत्येक लीगमधून सहा टीम पुढे जातात. तीन विभागांचे तीन विजेते आणि उरलेल्यांत ज्यांनी जास्त मॅच जिंकल्या, अशा तीन वाइल्ड कार्ड टीम. आपल्या आठ टीमचेही तीन झोन करू. शहरातल्या तीन, सीबच्या बाजूच्या तीन, आणि बाहेरच्या दोन, म्हणजे इब्रा आणि सोहार. सहा टीम पुढे.

"वाइल्ड कार्ड म्हणजे रमीतला जोकर?" बाबांनी विचारलं.

"नाही बाबा. म्हणजे जो आपला विभाग जिंकला नाही, पण खेळला चांगला. त्याला एक दार उघडं ठेवायचं."

"कळलं," आई स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाली. ती सावंतकाकूंना वडे तळायला मदत करत होती. "टीव्हीवर त्या घरातून एका बाईला काढतात, सगळे रडतात, आणि दोन आठवड्यांनी तीच बाई परत आत येते. ते."

सगळ्यांनी माना हलवल्या. मी अमेरिकेत चार वर्षं जे शिकले, ते आईच्या एका वाक्यात बसलं. पुढे नवा माणूस आला आणि वाइल्ड कार्डबद्दल विचारू लागला, की सावंतकाका त्याला सांगायचे, "ती टीव्हीवरची बाई आठवते का?"

*

नंतर अडलं ते मॅचच्या संख्येवर.

बेसबॉलमध्ये पहिली फेरी तीनपैकी दोन जिंकण्याची, दुसरी पाचपैकी तीन, आणि पुढच्या दोन्ही सातपैकी चार. शेवटी दोन्ही लीगचे विजेते एकमेकांशी खेळतात. जसजसं वर जावं, तसतशी नशिबाला जागा कमी मिळते. मला ही कल्पना फार सुंदर वाटते. एक वाईट सकाळ तुमचं वर्ष संपवू शकत नाही. मी हे जरा भावनेने सांगितलं असेन, कारण निखिलने हात वर केला.

"सात मॅच? दर शुक्रवारी एक धरली, तर फायनल संपेपर्यंत माझा व्हिसा संपेल."

"अरे, पण एका मॅचने काय ठरतं? माणसाला परत उठायची संधी नको?"

"बरोबर आहे," निखिल म्हणाला. "मग लग्नसुद्धा बेस्ट ऑफ थ्री ठेवा."

त्याची बायको ऋजुता शेजारीच बसली होती. तिने मोबाइलमधून मानही वर केली नाही. "तू पहिल्याच मॅचला हरलायस," ती म्हणाली.

मग तडजोड झाली. पहिली आणि दुसरी फेरी तीनपैकी दोन, फायनल पाचपैकी तीन. पहिल्या फेरीच्या तिन्ही मॅच वरच्या क्रमांकाच्या टीमच्या मैदानावर, एकाच दिवशी. सकाळी दोन, आणि एक-एक अशी बरोबरी झाली तरच तिसरी, नमाज आणि दुपारचं ऊन उलटल्यावर. सावंतकाकांनी हात पसरून "खलास" म्हटलं, म्हणजे ठराव पास.

*

बाहेरच्या झोनमध्ये दोनच टीम. साखळी संपली तेव्हा इब्रा आणि सोहार, दोघांच्याही जिंकलेल्या मॅच सारख्याच होत्या. फार नव्हत्या. दोघांच्या मिळून सुद्धा रूवीएवढ्या नव्हत्या. पण झोन कोणीतरी जिंकायला हवा.

सोहारचा कॅप्टन फोनवर म्हणाला, "मग एक निर्णायक मॅच ठेवा ना."

मी म्हटलं, "पूर्वी बेसबॉलमध्ये ठेवायचे. आता नाही ठेवत. आता बघतात, दोघांच्या आपसातल्या मॅचमध्ये कोण पुढे आहे."

"आणि कोण आहे?"

"इब्रा. दोन्ही वेळा तुम्ही हरलात."

"दुसऱ्या वेळी आमचे चार जण सुट्टीवर गेले होते."

"तेही बेसबॉलमध्ये धरत नाहीत."

तो म्हणाला, "तुमचा तो बेसबॉल फार कडक आहे हो, ताई." वाईट वाटलं मला. पण नियम आधी ठरला होता, आणि आधी ठरलेला नियम आपल्या माणसासाठी वाकवला की मग तो कोणासाठीच उरत नाही.

लगेच कासमचाचांना फोन केला. झोनचे विजेते म्हणून इब्रा तिसऱ्या क्रमांकावर. तीन झोनविजेते पहिले तीन क्रमांक घेतात, वाइल्ड कार्डवाले चार, पाच, सहा. तिसरा सहाव्याशी खेळतो. मी हे सगळं सांगत होते आणि पलीकडून कापडाचा ताका टेबलावर उलगडल्याचा आवाज येत होता. गिऱ्हाईक होतं.

"म्हणजे येनार?" त्यांनी मध्येच विचारलं.

"कोण?"

"पावनं."

"हो, चाचा. माबेलाची टीम. तिन्ही मॅच तुमच्याकडे."

पलीकडे ताका उलगडायचा थांबला. मग ते गिऱ्हाइकाला अरबीत काहीतरी म्हणाले, आणि मला म्हणाले, "बेटी, किती मानसं? शाकाहारी किती?"

*

पहिल्या दोन क्रमांकांना बेसबॉलमध्ये पहिली फेरी खेळावीच लागत नाही. त्याला बाय म्हणतात. हंगामभर चांगलं खेळल्याचं बक्षीस. थकलेल्या बॉलरना विश्रांती मिळते आणि खाली एकमेकांशी झगडून दमलेली टीम तुमच्यासमोर येते.

रूवी पहिली आली. मी आनंदाने सावंतकाकांना बातमी दिली.

"म्हणजे त्या शुक्रवारी आम्ही खेळायचं नाही?"

"नाही काका, विश्रांती."

"आम्ही सगळ्यात जास्त जिंकलो म्हणून?"

"हो."

त्यांनी चष्मा काढून पुसला. "मुक्ता, अमेरिकेत विश्रांती हे बक्षीस असेल. इथे शुक्रवारी सकाळी घरात सापडलेल्या माणसाचं काय होतं, तुला माहीत आहे? त्याला हायपरमार्केटात नेतात. ट्रॉली ढकलायला लावतात. दोन प्रकारच्या तुरीच्या डाळीपैकी कुठली चांगली, हे विचारतात आणि मग दुसरीच घेतात."

दुसऱ्या क्रमांकाच्या घुब्रा टीमचंही हेच म्हणणं पडलं. त्यांच्या कॅप्टनने तर, ज्याला हवी त्याला द्या, आम्हाला बाय नको, असा निरोप पाठवला. कोणीच घेईना. शेवटी सावंतकाकांनी स्वतःचा मार्ग काढला. इब्र्याच्या मॅचला दुसरे अंपायर म्हणून त्यांनी आपलंच नाव घातलं. पहिली अंपायर मी, कारण माझी कुठलीच टीम नव्हती.

काकू म्हणाल्या, "जाऊ दे त्यांना. डाळ मी आधीच आणलीय."

*

आता निखिलचं दुःख सांगते, कारण ते खरं होतं.

माबेलात घरं स्वस्त, म्हणून तरुण कुटुंबं तिकडे राहतात. कामं मात्र सगळी इकडे, रूवी-हमरियाच्या बाजूला. निखिल रोज अंधार असतानाच निघतो आणि अंधारात परत येतो. मुलगा त्याला व्हिडिओ कॉलवर ओळखतो, असं ऋजुता म्हणते. शुक्रवारी गाडीला हात लावायचा नाही, हा त्याचा एकमेव धर्म.

त्याच्या टीमने इब्र्यापेक्षा जास्त मॅच जिंकल्या होत्या. पण झोन जिंकला नव्हता, आणि वाइल्ड कार्डमध्ये शेवटचा, म्हणून सहावा क्रमांक. म्हणजे जास्त जिंकून त्यालाच इब्र्याला जायचं होतं.

"मुक्ता, हा कुठला न्याय?" त्याने फोनवर विचारलं. "आम्ही जास्त जिंकलो, आणि त्यांच्याकडे आम्ही जायचं?"

मी म्हटलं, झोन जिंकण्याला बेसबॉलमध्ये मान आहे. कोणाच्या वाट्याला सोपा विभाग येतो, कोणाच्या अवघड. पण आपल्या शेजाऱ्यांत पहिलं येणं हे सुद्धा काहीतरी असतंच.

"अमेरिकेत लोक चिडत नाहीत यावर?"

"दर वर्षी चिडतात."

"मग बदलत का नाहीत?"

"बदलतात ना. पूर्वी एकच वाइल्ड कार्ड होतं, मग दोन झाली, मग तीन. दर वेळी जुने चिडलेले शांत होतात आणि नवे चिडतात."

"आपल्या बिल्डिंगच्या पार्किंगसारखं," निखिल म्हणाला. मग सुस्कारा टाकून म्हणाला, "ठीक आहे. पहाटे निघायचं, सकाळी दोन मॅच मारायच्या, यल्ला, चला परत. दोन मॅचमध्ये संपवतो. दुपारी पोरगा झोपून उठायच्या आत घरी. आणि जेवायला वगैरे थांबणार नाही हं. त्यांना सांगून ठेव."

मी हे कासमचाचांना सांगितलं नाही. नियमांत बसत नव्हतं.

*

मॅचच्या आधीच्या शनिवारी मी आणि बाबा मैदान बघायला इब्र्याला गेलो.

मैदान म्हणजे वादीच्या, म्हणजे कोरड्या नदीपात्राच्या, काठावरची सपाट जमीन. एरवी तिथे बकऱ्या फिरतात. इब्र्याच्या टीमने दुकानं बंद झाल्यावर रोज संध्याकाळी दगड वेचून एका बाजूला रचले होते. मातीवर पाणी मारून पिच दाबून घेतलं होतं. एका बाजूला कापडाचा मांडव, सूकमधलं नवं कोरं कापड.

"हा तुमचा मांडव?" मी विचारलं.

"पावन्यांचा. आमी तिकडं बसू." त्यांनी दुसऱ्या बाजूला हात केला. तिकडे दगडांचा ढीग आणि ऊन होतं.

मी त्यांना समजावलं. चाचा, घरच्या मैदानाचा फायदा आपण घ्यायचा असतो. बेसबॉलमध्ये त्यासाठीच वरच्या क्रमांकाच्या टीमला तिन्ही मॅच घरी देतात. स्वतःचं मैदान, स्वतःची माणसं, स्वतःचा बिछाना. पाहुण्यांनी प्रवास करून दमायचं. हंगामभर झगडून कमावलेला हक्क आहे तो.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. त्यांचा चेहरा कसनुसा झाला. "मानसाला घरी बोलवाचं आनि वर फायदा पन आपलाच?" ते म्हणाले. "टॉस पन त्यांनाच द्येनार मी. ते म्हनतील ते."

"टॉस देता येत नाही, चाचा. नाणं उडवावं लागतं."

"मग नानं उडवा. जिंकलो तरी इचारीन त्यांना."

त्यांच्या घरी त्यांच्या बायकोने, रुकय्याचाचींनी, आम्हाला खजूर आणि कहवा दिला, मग जेवण. त्या आत-बाहेर करत होत्या आणि मी बघत होते. शाकाहारी तिघांसाठी दोन नवी पातेली आणली होती, एक डाळीचं, एक भाजीचं. त्यात दुसरं काही कधी शिजणार नव्हतं. सोलं गावाहून मागवली होती, सोलकढीसाठी. माजघरात नवी चटई.

"येतील ना गं?" चाचींनी मला हळूच विचारलं. "ह्ये रोज इचारतात. जेवायला बसतील ना?"

"येतील," मी म्हटलं. बसतील का, ते मला सांगता येईना. परतीच्या रस्त्यात बाबा म्हणाले, "तुझ्या फॉरमॅटमध्ये जेवणाचा नियम घालायला हवा होतास."

*

शुक्रवार उजाडला. माबेलाची टीम तीन गाड्यांतून आली. सगळे झोपेने डोळे चोळत. खजूर, कहवा, तांदळाच्या गरम भाकऱ्या समोर आल्या. निखिलने टीमला डोळ्यांनी दटावलं होतं, तरी भाकऱ्या संपल्या.

टॉस कासमचाचांनी जिंकला. "निखिलभाव, काय करताव? बॅटिंग का बॉलिंग?" त्यांनी विचारलं. सावंतकाका दुसऱ्या एन्डला उभे राहून आभाळाकडे बघत राहिले.

माबेलाने बॅटिंग घेतली, आणि तरीही पहिली मॅच इब्रा जिंकलं. सूकमधले दुकानदार, दोन-तीन ओमानी शेजारी, सगळे ओरडत होते. आता दुसरी जिंकली की इब्रा दुसऱ्या फेरीत. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

मॅचच्या मधल्या वेळात कासमचाचा मांडवाखाली गेले. मी तिथेच पाणी पीत होते.

"निखिलभाव, दोन घास खाऊनच जायाचं. तुमच्या भाबीनं सकाळपास्नं चूल सोडली नाय."

"कासमभाई, राग मानू नका," निखिल म्हणाला. तो खरंच ओशाळला होता. "ही मॅच हरलो, तर हरलेल्या पोरांना जेवण उतरणार नाही. लगेच निघतो. घरी पोरगा वाट बघतोय. तिसरी मॅच झाली तरच थांबावं लागणार, ते आमच्या हातात थोडंच आहे? तुम्ही उगाच त्रास घेऊ नका."

"त्रास कसला," कासमचाचा म्हणाले. मांडवाचं एक टोक वाऱ्याने सुटलं होतं, ते त्यांनी बांधलं आणि गेले.

दुसऱ्या मॅचमध्ये माबेलाने आधी बॅटिंग केली. इब्रा पाठलाग करत करत अगदी जवळ आलं. शेवटची ओव्हर. शेवटची जोडी. दोन धावा हव्या. स्ट्राइकवर कासमचाचा.

मनातून मला काय हवं होतं, ते मला माहीत होतं, आणि ते अंपायरला शोभणारं नव्हतं.

माबेलाचा बॉलर घाबरला होता. वाऱ्यात टेनिस बॉल कुठेही जातो, म्हणून आमच्या मंडळात वाइडला दोन धावा मिळतात. त्याने टाकलेला बॉल हातातून निसटला आणि ऑफ स्टंपच्या बाहेर, फार बाहेर गेला. तो बॉल नव्हताच. नुसतं उभं राहिलं तरी मॅच संपत होती. माझे हात वाइडसाठी अर्धे वर गेले होते. मांडवाखालचे माबेलाचे राखीव गडी गाडीच्या किल्ल्या शोधायला लागले होते.

कासमचाचा क्रीज सोडून एक मोठं पाऊल बाहेर गेले. अख्ख्या हंगामात मी त्यांना बाहेरच्या बॉलमागे जाताना पाहिलं नव्हतं. त्यांनी हात लांबवून बॅट पोचवली आणि बॉल हळूच उचलला. कव्हरला उभ्या निखिलच्या हातात. निखिलला हलावंही लागलं नाही. बॉल येऊन त्याच्या ओंजळीत बसला.

मालिका एक-एक.

सावंतकाकांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांच्याकडे पाहिलं. मी बोट वर केलं, कारण नियमात तेच होतं.

इब्र्याची सगळी टीम आपल्या कॅप्टनकडे बघत होती. त्यांनी टोपी काढली, तोंड पुसलं आणि बॅट बगलेत धरून मांडवाकडे चालत गेले.

"तिसरी मॅच चार वाजता," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "नमाज करून येतो. तवर हातपाय धुवा, आराम करा. मग सगळ्यांनी घरी चलायचं."

नमाज झाल्यावर माजघरात चटईवर मोठी ताटं मांडली गेली. एका ताटाभोवती चार-पाच जण. शाकाहारी तिघं वेगळे, त्यांच्या समोर नवी पातेली. निखिल आणि सावंतकाका एकाच ताटावर बसले होते. मी चाचींबरोबर वाढत होते. सगळे माना खाली घालून जेवत होते, कारण मटण तसंच होतं. निखिलने घरी फोन लावून मुलाला ताट दाखवलं. मुलगा म्हणाला, "बाबा, तू कुठे आहेस? मला पण." चाचींनी लगेच एक डबा भरायला घेतला.

कासमचाचा स्वतः बसले नव्हते. सोलकढीचं भांडं घेऊन प्रत्येकाच्या मागून फिरत होते. ते निखिलजवळ आले तेव्हा त्याने घास हातात तसाच धरला.

"कासमभाई," तो हळू आवाजात म्हणाला, "तो बॉल सोडला असता तरी तुम्ही जिंकला असता."

"हां?"

"नुसतं उभं राहायचं होतं. मारलात कशाला?"

सावंतकाका जेवायचे थांबले. मी पण थांबले.

कासमचाचांनी त्याच्या समोरचा भात बोटांनी पुढे सारून मध्ये जागा केली आणि तिथे मटणाचा एक मोठा तुकडा ठेवला.

"निखिलभाव," ते म्हणाले, "भात गार व्हतोय."